उभी रेघ

अलीकडे दरड कोसळली की शोधकुत्र्यांच्या आधी सुया येत. हातभर लांबीच्या या भूश्रवण सुया मातीत रोवल्या की ढिगाऱ्याखालची बारीक टकटकही यंत्राच्या पडद्यावर उमटायची. सावरेखिंडीत त्या दुपारी कोणीतरी आतून भांडं वाजवत होतं.

यंत्रावर नीलाक्षी पेंढरकर बसली होती. सुया रोवायला भिकाजी झोरे होते. गेल्या वर्षी हिरडेवाडीच्या दरडीत त्यांची बायको गेली, सापडलीच नाही. त्यानंतर ते आपणहून पथकात आले होते.

कामाची रीत सोपी होती. आवाज दोन सुयांपर्यंत एकाच क्षणी पोचेपर्यंत भिकाजी एक सुई सरकवत राहायचे. तसं झालं की माणूस दोन्ही सुयांपासून सारख्याच अंतरावर, म्हणजे त्यांना जोडणाऱ्या रेषेच्या लंबदुभाजकावर कुठेतरी असणार. दुसऱ्या जोडीवरून दुसरा लंबदुभाजक मिळायचा. दोन्ही जिथे छेदतील तिथे खणायचं.

गावातली पाण्याची टाकी तेवढी उभी राहिली होती. तिला आरंभबिंदू मानलं. x म्हणजे पूर्वेकडचं अंतर, y उत्तरेकडचं, दोन्ही मीटरमध्ये. पहिल्या जोडीवरून यंत्राने समीकरण दिलं, y = 2x. दुसरी जोडी रस्त्याच्या भिंतीलगतच रोवावी लागली, बाकी सगळा चिखल होता. पडद्यावर दोन्ही ठोके अगदी एकावर एक बसले आणि खाली अक्षरं आली, ‘उत्तर नाही’.

असं झालं की आवाज सरकत्या दगडांचा धरायचा आणि पुढच्या घराकडे जायचं, असा नियम होता. पथकप्रमुखांनी वायरलेसवर तेच सांगितलं. भिकाजींनी सुई उपटायला हात घातला.

“थांबा भाऊ,” नीलाक्षी म्हणाली. “ठोके दोन्हीकडे एकदम पोचतायत. मग रेघ नाही, असं कसं होईल?”

तिने सुयांच्या जागा पाहिल्या. (3, 20) आणि (11, 20). जोडणारी रेषा आडवी, थेट पूर्व-पश्चिम, तिचा चढ शून्य. लंबाचा चढ काढायला यंत्र मूळ चढाचा व्यस्त घेऊन चिन्ह बदलायचं, आणि शून्याने भागता येत नाही म्हणून तिथेच अडून बसलं होतं. पण चढ सांगता येत नाही म्हणून रेघच नाही, असं थोडंच असतं? ती सरळ उभी असते. मध्यबिंदूतून जाणारी, x = 7. मग पहिल्या समीकरणावरून y = 14.

“टाकीपासून सात मीटर पूर्वेला, तिथून चौदा उत्तरेला. तुम्ही खणा, प्रमुखांशी मी बोलते.”

यंत्रापेक्षा तू शहाणी का, असं प्रमुखांनी विचारलं. पण माणसं दिली.

दिवस कलता कलता चुलीमागच्या कोनाड्यातून एक म्हातारी जिवंत निघाली. पातेलं काही तिने सोडलं नव्हतं.

“पोचे आले की रे पातेल्याला,” ती म्हणाली. “लवकर यायचं.”

सगळे हसले. भिकाजी हसले नाहीत. सुई पुसत ते नीलाक्षीजवळ आले. हिरडेवाडीत सुया कालव्याच्या भिंतीलगत रोवल्या होत्या, ती भिंत उगवतीकडून थेट मावळतीकडे जाते, असं त्यांनी हळूहळू सांगितलं. तिथंही यंत्राने हेच दोन शब्द दाखवले होते.

हिरडेवाडीचे ठोके यंत्रात अजून होते. नीलाक्षीचा हात कळीपाशी थांबला.

“ताई,” भिकाजींनी विचारलं, “तवा रेघ होती का?”