जित्या माणसाचा फोटो

“उंची पाच फूट पाच, वजन छप्पन किलो... हे वर्णन माणसाचं की सामानाचं?”

सांगलीतल्या झेरॉक्सच्या दुकानात तो माझं ‘बेपत्ता’चं पत्रक वाचत होता. न विचारता.

“मोजता येतं तेवढंच मी लिहिते,” मी म्हणाले.

“आणि हसतात कसे?”

“हसण्याचं एकक मला माहीत नाही. मी फिजिक्स शिकवते.”

तो ओशाळला. पण नजर हटवली नाही... मीही नाही.

त्याचं नाव शौनक. बेपत्ता माणसांच्या घरच्यांवर तो माहितीपट करत होता. माझे आबा, कोंडीबा, सात महिन्यांपूर्वी लोणंदच्या वाटेवर मेंढ्यांच्या तळावरून पाणी आणायला गेले आणि परतलेच नाहीत. मी तीन पोलीस ठाणी फिरले. तिन्हीकडे एकच उत्तर — आमच्या हद्दीत नाही. एक जण तर म्हणाला, “धनगर माणूस, फिरत असंल कुठंतरी.”

रविवारी शौनक कॅमेरा घेऊन आमच्या वाडीवर आला. चौकट छान दिसावी म्हणून त्यानं आबांचा फोटो भिंतीवर, आजोबांच्या हार घातलेल्या फोटोशेजारी टांगला.

आईचा चेहरा पांढरा पडला. “आवं, जित्या माणसाचा फोटो भिताडावर लावत्यात व्हय? माजा मालक हाय अजून!”

“काढा तो!” मी ओरडले. “पोलिसांनी नोंद केली नाही, आणि तुम्ही एका खिळ्यावर त्यांना मारून मोकळे झालात!”

त्यानं फोटो उतरवून दोन्ही हातांनी आईच्या मांडीवर ठेवला. “चुकलो, काकू.” मग माझ्याकडे वळला. “ओरडा. पण ज्यांनी ऐकायला हवं, त्यांना ऐकू जाईल असं.”

मी कॅमेऱ्यासमोर बसले. रडले नाही. पोलीस ठाण्यांच्या अकरा फेऱ्या सांगितल्या — तारीख, वेळ, कोण काय बोललं. “सात महिन्यांत एकही पोलीस त्यांना शोधायला बाहेर पडलेला नाही,” मी म्हणाले. “आमच्याऐवजी एखाद्या बंगल्यातला माणूस हरवला असता, तर हद्द विचारली असती का?”

दोन महिन्यांनी साताऱ्यात माहितीपट दाखवला. समोर बसलेल्या वरिष्ठ पोलीस अधिकाऱ्याला मान वर करता आली नाही. त्याच संध्याकाळी नोंद झाली. नऊ महिने अडलेलं काम वीस मिनिटांत झालं. मला आनंद झाला नाही. अंगाची आग झाली.

बाहेर शौनक चहाचे दोन पेले घेऊन उभा होता.

“राग गेला?”

“नाही. आबा कुठे सापडलेत? उद्या सकाळी मी लोणंदला निघतेय. पोलीस आपणहून हलतील, असं मला वाटत नाही.” मग धीर करून विचारलं, “तुमचं काम... संपलं ना?”

“माहितीपट संपला.” त्यानं एक पेला माझ्या हातात दिला. “कॅमेरा न घेता आलो, तर चालेल?”

“कशाला यायचं मग?”

“तुम्ही भांडताना शेजारी उभं राहायला. उद्या... आणि पुढेही.”

मी चहा संपवला. उत्तर अगदी नेमकं द्यायचं होतं.

“सहा दहाची एसटी आहे,” मी म्हणाले. “खिडकीची जागा माझी.”