कापलेली शर्यत

दिवा राहू दे रे, उजेडातही गोष्ट तीच आहे. माझा एक मित्र जुन्या फिल्म दुरुस्त करायचा. हाताला कायम गोंदाचा वास, म्हणून आम्ही त्याला चिकटराव म्हणायचो.

गेल्या फेब्रुवारीतला शेवटचा शुक्रवार. गावातल्या खेळांच्या क्लबच्या शंभरीसाठी दुरुस्त केलेलं एक रीळ अध्यक्षांना दाखवायला तो संध्याकाळी गेला. मूकपटांच्या काळातली धावण्याची शर्यत. त्यात अध्यक्षांचे आजोबा पहिले आले होते. क्लबच्या दारात पुतळाच आहे त्यांचा.

त्याच शर्यतीत दुसरा एक धावपटू शेवटच्या फितीजवळ पडला होता. दारू पिऊन धावला, असं गावभर झालं आणि जन्मभर तेच राहिलं. त्याची मुलगी आता ऐंशीच्या पुढची. ती चिकटरावला भेटून गेली होती. "दादा, माझे बाबा आपले आपण पडले नाहीत. एवढं पडद्यावर दिसलं, की मी मरायला मोकळी."

आणि दिसत होतं की! तोच पुढे होता. आजोबांनी पाय घातला. तो कोसळला. मग ह्यांनी छाती पुढे काढून फीत तोडली.

अध्यक्ष गार पडले. मग म्हणाले, "तो माणूस दिसतो तेवढं सगळं कापा. तुमच्या मुलाच्या नोकरीचं माझ्या लक्षात आहे हं."

चिकटराव घरी आला. कापलं. तुकड्यांना अंगणात काडी लावली. भस्सकन गेले. मग जोड नीट बसलाय का बघायला त्याने प्रोजेक्टर लावला. पावणेबारा झाले होते.

मूक फिल्म, बरं का. आवाज नसतोच.

त्याला धाप ऐकू आली.

मागून... मग कानाशी... मग पुढे. पडद्याकडे.

पडद्यावर आजोबा अजून लांब होते. फितीपाशी कोणी नव्हतं.

फीत ताणली गेली...

तुटली.

मग काय? मग काही नाही! समारंभात तीच फिल्म दाखवली. पोरगा कामाला लागला होता, त्यामुळे चिकटराव तोंडाला कुलूप लावून बसला. म्हातारी पुढच्या रांगेत. चष्मा पुसून पुसून बाप शोधत होती. सापडला नाही. उठून गेली बिचारी. मला अजून संताप येतो. बाकी सगळे टाळ्या पिटत होते, एकाही शहाण्याच्या लक्षात आलं नाही.

रीळ क्लबात आहे. जाऊन बघा. आजोबा पोचतात, छाती काढतात, हात वर करतात... आणि फीत त्याआधीच जमिनीवर पडलेली असते.