चाळीस हजार लेकरांचा बाप

त्या दगडी पुलावरून एका वेळी एकच माणूस जातो, हे फ्रान्समधल्या आमच्या सेवेनच्या डोंगरात बकऱ्यांनाही ठाऊक आहे. मोंपेलिए शहरातून आलेल्या कासिमीरला ते ठाऊक नव्हतं. एप्रिलची भुरभुर, चष्म्यावर थेंब, काखेत सूक्ष्मदर्शकाची लाकडी पेटी... आणि समोरून रोझीन.

धक्का तसा हलकाच बसला. पण रोझीनने दोन्ही हात छातीशी घट्ट आवळले आणि डोळे मिटून घेतले.

"लागलं का? छातीत कळ आली?" कासिमीरचा चेहरा पांढरा पडला. "श्वास घ्या. गळ्याशी थोडं... म्हणजे, बंद जरा सैल केलेत तर—"

"हात पुढे केलात तर नदीत ढकलीन!"

"मी मदत—"

"काय मदत करणार? चाळीस हजार जीव आहेत इथे!"

कासिमीरने 'इथे' पाहिलं. मग आपण कुठे पाहतोय हे ध्यानात आलं आणि त्याने घाईघाईने ढगांकडे पाहिलं.

"चाळीस... हजार?"

"रेशीमकिड्यांची अंडी हो! कुठून आलात तुम्ही, चंद्रावरून?"

आमच्याकडे अंडी बायकाच उबवतात. कापडी पिशवीत घालून, उराशी बांधून, दहा-बारा दिवस. तेवढे दिवस पळायचं नाही, चिडायचं नाही, कुणाला मिठी मारायची नाही. कासिमीरने रेशीमकिड्यांवर तीन जाडजूड पुस्तकं वाचली होती. एकातही हे नव्हतं.

तो आला होता मिऱ्याच्या रोगापायी. किड्यांच्या अंगावर मिरपूड शिंपडल्यासारखे काळे ठिपके यायचे आणि कोश करायच्या आतच ते मरायचे. ओळीने चार वर्षं हेच चाललं होतं. लोक तुतीची झाडं तोडून चुलीत घालू लागले होते. कुणी मेघगर्जनेला दोष देई, कुणी शेजारणीच्या नजरेला. रोझीनच्या आईने, नानेतबाईने, तर निकालच लावला होता. यंदा कोश झाले नाहीत तर रोझीनला आलेस शहरातल्या रेशीमगिरणीत धाडायचं. तिथे मुली पहाटेपासून उकळत्या पाण्यात बोटं बुडवून धागा काढतात.

दुसऱ्या दिवशी रोझीन चावडीतल्या त्याच्या खोलीत गेली. विश्वास होता म्हणून नव्हे, साहेबांची थोडी फिरकी घ्यावी म्हणून.

"घ्या, चिमूटभर अंडी. बघा तुमच्या नळीतून काय भविष्य दिसतं ते."

कासिमीरने ती खलात चिरडली, थेंबभर पाणी घातलं, काचेवर घेतली. मग नळीला लावलेला डोळा तो काढेचना.

"अहो, बोला ना! राजा भेटणार की खजिना?"

"तुम्हीच बघा," तो हळूच म्हणाला आणि बाजूला सरकला.

रोझीनने डोळा लावला. लांबट, चकचकीत दाणे. शेकड्यांनी.

"किती सुंदर आहेत हो! मोत्यांसारखे."

"हाच रोग आहे."

तिने डोळा काढला नाही. पण हात आपोआप छातीशी गेला.

"आईकडून अंड्यात येतो, एका किड्याकडून दुसऱ्याकडे जातो. नजरेनं नाही, गडगडाटानंही नाही. ही वाढवलीत तर महिन्याभरात सगळे मरतील. माझ्याकडे निरोगी अंडी आहेत, ती देतो. पण ही... जाळावी लागतील."

"सहा दिवस उराशी धरलीयेत मी."

"माहीत आहे." त्याचा आवाज इतका लहान झाला होता की रोझीनला त्याच्यावर रागावताही येईना.

घरी येऊन तिने पिशवी सोडली, क्षणभर हातात धरली आणि चुलीत टाकली. आई विहिरीवरून परतली तेव्हा नुसता वास उरला होता.

नानेतबाई तडक चावडीत. हातात रिकामी बादली तशीच.

"अहो काचवाले! माझ्या पोरीच्या डोक्यात काय भरलंत? डोळ्यांना न दिसणारा रोग! उद्या म्हणाल, न दिसणारा जावईही आहे!"

"बाई, ही अंडी घ्या, तपासलेली आहेत. आज उबवायला घेतली तर तुतीची पानं फुटेपर्यंत—"

"परकी अंडी मी अंगाला लावायची नाही. माझ्या लेकीनंही नाही. एवढा भरवसा आहे ना? धरा तुमच्याच उराशी!"

हे ती रागात म्हणाली. पण कासिमीर पुस्तकी माणूस. त्याने ते सूचना म्हणून घेतलं.

दुसऱ्या दिवशी सदऱ्याच्या आत पिशवी बांधून तो बाजारातून चालला, अगदी हळू, भरलेला दुधाचा हंडा डोक्यावर असल्यासारखा. अख्ख्या गावाचं हसून पोट दुखलं. पाववाली ओरडली, "काय हो बाळंतीणबाई, कितवा महिना?" पाद्रीबाबासुद्धा तोंड वळवून खोकले.

रोझीन मात्र रोज चार वाजता यायची. देखरेखीला, असं ती आईला सांगे.

"पिशवीत अंगठा नका घालू. पाठीवर झोपता ना? काल गाढवाच्या मागे पळालात म्हणे?"

"गाढव माझ्या मागे पळालं."

"मग उभं राहायचं! गाढव एक आहे, लेकरं चाळीस हजार."

पिशवीशेजारी त्याने उष्णतामापक ठेवला होता आणि दर दोन तासांनी आकडा कागदावर लिहीत असे. पाचव्या दिवशी तो कागद रोझीनच्या हाती लागला. ती आकड्यांवरून बोट फिरवू लागली.

"दोनला तेवीस. चारला सव्वीस. सहाला पुन्हा तेवीस... रोज असंच?"

"चारला ऊन खिडकीतून येतं."

"तुमची खिडकी उत्तरेला आहे."

"मग... शेगडी असेल."

"आणि मंगळवारी? चारला बावीसच कसे?"

कासिमीरने चष्मा काढला, पुसला, पुन्हा पुसला. "मंगळवारी तुम्ही आला नव्हता."

बाहेर कुणीतरी बैलांना हाकत होतं. रोझीनने कागदाची घडी घातली, उघडली, पुन्हा घातली.

"तीन अंश म्हणजे फार होतात हो साहेब," ती शेवटी म्हणाली. "अंडी शिजतील. मी दाराशीच उभी राहत जाईन."

"दारापासूनही... दीड अंश वाढतं."

ती हसू दाबत पळाली. तिला आता पळायची मुभा होती.

रविवारी सकाळच्या प्रार्थनेत कासिमीर गुडघ्यांवर बसला होता आणि अचानक ताठ झाला. त्याच्या गळपट्टीतून एक काळा, केसाएवढा जीव बाहेर आला. मग दुसरा. मग ओळच.

मागच्या बाकावरून रोझीन कुजबुजली, "पिशवीची गाठ?"

"मला वाटतं... मी ती बांधलीच नाही."

"उठा. हळू."

तो उठला. पाद्रीबाबा थांबले. दाराकडे एकेक पाऊल टाकताना त्याचे डोळे भीतीने विस्फारले होते. कुणी एकाने धक्का दिला असता तरी सगळं संपलं असतं. आणि तेव्हा नानेतबाई उठली.

"सरका! वाट द्या! हसायला नंतर या!" कोपरांनी गर्दी फोडत ती पुढे चालली.

चर्चबाहेर मायलेकींनी मिळून त्याची बटणं काढली आणि पिसाने एकेक जीव पाववालीच्या टोपलीत, तुतीच्या कोवळ्या पानांवर उतरवला. मानेवरचे, काखेतले, कानामागचा एक.

"गुदगुल्या होतात," कासिमीर विव्हळला.

"आईपण सोपं नसतं," नानेतबाई म्हणाली. मग टोपली डोळ्यांजवळ नेऊन बराच वेळ पाहत राहिली. "काय चपळ आहेत मेले! चार वर्षांत अशी बघितली नव्हती."

टोपली तिने स्वतः घरी नेली. महिनाभर तिघांनी पानं तोडली, चिरली, घातली. कुणाच्याही अंगावर मिऱ्याचा ठिपका आला नाही. एका सकाळी किडे डहाळ्यांवर चढले आणि तीन दिवसांत घराचा माळा कोशांनी पिवळाधमक झाला. नानेतबाई खाली बसून रुमालाने नाक पुसत होती. गिरणीचं नाव पुन्हा कुणी काढलं नाही.

सगळे कोश विकायचे नाहीत. काही राखायचे, पतंग बाहेर येऊ द्यायचे, एकेका मादीला वेगळ्या फडक्यावर अंडी घालू द्यायची, मग तिला चिरडून तपासायचं. रोगी निघाली तर फडकं जाळायचं. हे सगळं कासिमीर रोझीनला शिकवत होता, लाल कानांनी.

"जोडी... सहा तास एकत्र ठेवायची. मग हलकेच वेगळी करायची."

"वेगळी का करायची?"

"तसा... नियम आहे."

"पतंगांचाच ना?"

कासिमीरच्या हातून खल निसटता निसटता राहिला. रोझीनने पहिल्या मादीची काच नळीखाली सरकवली आणि डोळा लावला.

"मला सोमवारी मोंपेलिएला परत बोलावलंय," तो तिच्या पाठीकडे बघत म्हणाला. समोरून हे बोलणं त्याला जमलंच नसतं. "पण मी लिहू शकतो, की इथे... कायमचं काम आहे. म्हणजे तुमची हरकत नसेल तर. म्हणजे तुम्ही माझ्याशी—"

"श्श. मी बघतेय."

त्याने श्वास रोखला. तिने काच डावीकडे सरकवली, उजवीकडे सरकवली, पुन्हा एकदा डावीकडे. मुद्दाम.

"स्वच्छ आहे," ती म्हणाली. डोळा नळीलाच होता, पण ती मानेपर्यंत लाल झाली होती. "आणि... हो."