कापलेली बैठक

रस्ता रुंद झाला तेव्हा दुर्गाची आख्खी बैठकीची खोली गेली. रडायचं तरी कुणापाशी? राजेंद्र नगरच्या या बाजूला सगळ्यांच्याच घरांचे पुढचे भाग कापले गेले, आणि उरल्यासुरल्याला काचा लावून कुणी कॅफे काढला, कुणी जिम. दुर्गाचं दार आता थेट डांबरावर उघडायचं. तिच्या जिवाला घोर एकच होता, तो सासऱ्यांचा.

वाल्मिकबाबा महूच्या फौजी छावणीतून रिटायर झालेले, डोकं अजून शाबूत. पण दुपारचा चहा झाला की सवयीनं बैठकीत जाऊन बसायला निघायचे, म्हणजे भर रस्त्यात! दुर्गा धावत जाऊन त्यांचा दंड धरायची. एक दिवस गाडीखाली येतील, असं नवऱ्याला रोज बजावायची. पंचशील हसण्यावारी न्यायचा.

"अरे यार, आदत आहे त्यांची. सुटेल धीरे-धीरे."

मग एकदा दारात मेथी निवडताना तिला काहीतरी खटकलं. रस्ता मोकळा होता, तरी येणारी प्रत्येक स्कूटर तिच्या दारासमोर जराशी बाजूला वळत होती. ई-रिक्षासुद्धा. कुत्रंसुद्धा. खड्डा नव्हता, दगड नव्हता. बैठकीएवढा चौकोन सोडून सगळे वळसा घालत होते, आणि कुणाच्या ते ध्यानातही नव्हतं. दुर्गाच्या अंगावर सर्रकन काटा आला.

त्याच आठवड्यात बाबा चहा संपवून उठले आणि ती पोचायच्या आत रस्त्यावर उतरले. समोरून बस येत होती. दुर्गा किंचाळत मागे धावली.

बसचा आवाज थांबला.

पायाखाली डांबर नव्हतं, गार फरशी होती. डोक्यावर पंख्याची हवा लागत होती. बस आवाज न करता बाजूनं निघून गेली. बाबा भिंतीला टेकावं तसे मांडी घालून बसले होते.

"घरी चला, बाबा."

"घरीच तर आहोत, बेटा."

तिनं त्यांना हाताला धरून ओढलं. कितीही चाललं तरी दार तेवढंच लांब राहिलं.

घराच्या दारातून पंचशील बाहेर आला. चेहरा पांढराफटक. दुर्गानं जिवाच्या आकांतानं हाक मारली. त्याचेही ओठ हलत होते, तिचंच नाव घेत होते.

तो सरळ तिच्याच दिशेनं निघाला. तिनं दोन्ही हात पुढे केले.

अगदी जवळ आल्यावर तो जरासा बाजूला वळला, आणि पलीकडे गेला.