चौदा तारखेचा शिक्का

एका पत्राला मी एकतीस वर्षं उत्तर दिलं नाही.

ते पत्र खरं आहे, आणि पुढे सांगतोय तेही खरं आहे. तुम्हाला पटलं नाही तर राग नाही. माझं मलाच पुष्कळदा पटत नाही.

भुतं रात्री येतात असं मी आयुष्यभर वाचलं. हे मात्र घडलं गेल्या महिन्यात, दुपारी साडेचारला, माझ्या पुढच्या खोलीत. खिडकीतून चांगलं ऊन येत होतं.

मी वाचनालयात ग्रंथपाल होतो. मुखदुर्बळ माणूस. लोक माझ्या पाठीमागे मला 'हळू बोला' म्हणायचे. तेवढंच मी मोठ्याने बोलायचो.

टेलिफोन ऑफिसातली एक मुलगी दर आठवड्याला पुस्तक न्यायची. आली की आधी किल्ल्यांचा जुडगा टेबलावर ठेवायची... छन्न.

मग मी तिने परत आणलेल्या पुस्तकातल्या चिठ्ठीवर त्या दिवसाच्या तारखेचा शिक्का मारायचो... ठक.

पंधरा तारखेला ती बंद कारखान्याच्या आवारात सापडली. गळा आवळलेला.

पोलिसांनी तिने शेवटचं परत केलेलं पुस्तक पाहिलं. शिक्का चौदाचा. तेराच्या संध्याकाळनंतर तिला दुसऱ्या कोणी पाहिलं नव्हतं, पण शिक्क्यावरून चौदाला पुस्तक देईपर्यंत ती जिवंत होती. आणि चौदाला संध्याकाळी तिच्या खोलीखालचा घड्याळजी दुकान बंद करून एकटाच कुठेतरी गेला होता.

"शिक्का बरोबर आहे ना?" पोलीस साहेबांनी विचारलं.

मी होकारार्थी मान हलवली.

पुराव्याअभावी कोर्टाने घड्याळजीला सोडलं. गल्लीने सोडलं नाही. त्याच्याकडे कोणी घड्याळ टाकेना. आया मुलांना त्याच्या दुकानासमोरून जाऊ देईनात. शेवटी नवराबायको गाव सोडून गेले. खरा गुन्हेगार कधीच सापडला नाही.

जाताना त्याच्या बायकोने मला लिहिलं होतं : 'तेराला हे दिवसभर आणि रात्रभर इस्पितळात माझ्या उशाशी होते. ती पुस्तक द्यायला तेराला तर आली नव्हती? तुम्ही सज्जन आहात. एवढंच कळवा.'

मी कळवलं नाही. नीट आठवत नाही, असं स्वतःला सांगत राहिलो. तो खटला संपल्यावर परत आलेलं पुस्तकही मी घरी आणून कपाटात ठेवलं.

मग गेल्या महिन्यात भाची आली. ती चित्रकार आहे. त्या खुनावर चित्रं काढत होती. खुनावर म्हणजे, गल्लीवर.

"मेली एक, मामा," ती म्हणाली, "पण अख्खी गल्ली अजून दिवसासुद्धा आतून कडी लावून बसते. मला त्या कड्या काढायच्यात."

"कड्या काढून चोर येतील," मी म्हणालो.

"चित्रात काढायच्यात हो! विनोद तुम्हाला शोभत नाही. ते खटल्यातलं पुस्तक तुमच्याकडेच आहे ना? द्या."

तिने पुढच्या खोलीत टेबलावर पुस्तक उघडून ठेवलं आणि ती चिठ्ठी मोठ्या कॅनव्हासवर रंगवली. हुबेहूब. शेवटचा शिक्का... चौदा.

दुसऱ्या दिवशी ती गल्लीत गेली होती. मी घरात एकटा.

साडेचार वाजले.

पुढच्या खोलीत... छन्न.

मी वाचत होतो. पान तसंच धरून राहिलो.

काहीतरी टेबलावरून सरकलं... मग... ठक.

खोलीत कोणी नव्हतं. दाराला आतून कडी होती.

संध्याकाळी भाची ओरडली, "मामा! माझ्या चित्राला हात लावलात?"

चित्रातल्या शिक्क्यावर तेरा होतं. रंग ओला. पुस्तकात चौदाच.

"मी कशाला लावू?"

"मग मीच चुकले असेन," ती पुटपुटली, आणि तिने पुन्हा चौदा केलं.

पुढच्या दुपारी आम्ही दोघंही स्वयंपाकघरात चहा घेत होतो.

छन्न...

तिने माझ्याकडे पाहिलं. "कोण आलंय?"

ठक...

आम्ही गेलो. चित्रात तेरा. अंकाच्या कडेने रंग हळूहळू खाली ओघळत होता.

भाचीने ब्रश उचलला.

"राहू दे," मी म्हणालो. "तेराच बरोबर आहे."

मग सगळं सांगितलं. सकाळी दारात माणसं उभी असली की माझे हात थरथरायचे. शिक्क्यातलं तारखेचं चाक फिरवता यायचं नाही. म्हणून मी आदल्या दिवशीच, चारला, उद्याची तारीख लावून ठेवायचो. चारनंतर सहसा कोणी यायचं नाही.

तेराला ती साडेचारला आली होती.

भाचीने ब्रश खाली ठेवला.

"एकतीस वर्षं, मामा?"

"हो."

"घड्याळजी गेले. मागच्या वर्षी. काकू आहेत, मी भेटून आले. त्यांच्या घरात एकही घड्याळ नाही." तिने वहीतून पत्त्याचा कागद फाडून माझ्यासमोर ठेवला. "मी लिहिणार नाही. तुम्ही लिहा."

चार वेळा फाडलं. पाचवं पत्र तीन ओळींचं झालं. एक प्रत पोलिसांसाठी केली.

दोन्ही पाकिटं आज दुपारी टपालपेटीत टाकली.

आता पुढच्या खोलीत ऐकत उभा आहे. शिक्का मारून झाला की ती मुलगी जुडगा उचलून निघायची. त्याचाही एक आवाज असायचा.

ठेवल्याचा आवाज मी दोनदा ऐकला...

उचलल्याचा अजून आलेला नाही.