मुलाखत नक्की कोणी घेतली?

माझी मावशी त्याला पहिल्यांदा भेटली ती जिन्यात... अडकून! तो मोडक्या छत्र्यांच्या काड्यांचा एक भलामोठा पक्षी खाली आणत होता, ही धापा टाकत वर चढत होती, आणि पक्ष्याच्या चोचीत हिच्या स्वेटरची बाही अडकली.

“हलू नका हं,” तो म्हणाला.

“अहो, माझी एका शिल्पकाराशी भेट ठरलीये. उशीर होतोय!”

“त्याची काळजी नको. तोही इथंच अडकलाय.”

मावशी नव्या चित्रकार-शिल्पकारांवर मासिकात लेख लिहिते. तिचे दोन नियम अगदी पक्के. मुलाखतीत आपण फक्त “मग?” म्हणायचं. आणि जो माणूस आवडायला लागेल, त्याच्यावर लिहायचं नाही — कौतुकच होतं नुसतं, म्हणते. यावेळी तिला पहिल्यांदाच मुखपृष्ठावरचा लेख मिळाला होता. किती वर्षं वाट बघितली होती तिनं त्याची!

तिचं रेकॉर्डिंग ऐकून कागदावर उतरवायचं काम माझं. शाळेतून आले, हेडफोन चढवले, आणि... अगं बाई!

तासभर मावशीच बोलत होती. तिची पहिली नोकरी, तिला पाण्याची वाटणारी भीती, लहानपणी मी तिच्या दंडाला कशी चावले होते — सगळं, सगळं! आणि मधूनमधून त्याचा हळू आवाज, “मग?”

“मावशी, मुलाखत नक्की कोणी घेतली?”

ती कानापर्यंत लाल झाली. “गप गं. उद्या परत जाते, नीट प्रश्न विचारते.”

“मी पण येणार!”

“तू कशाला?”

“कोणीतरी गप्प बसायला हवं ना तिथे!”

दुसऱ्या दिवशी त्याच्या स्टुडिओत मावशी ताठ बसली. एकदम कडक आवाजात म्हणाली, “मोडक्या छत्र्याच का?”

तो पकडीनं एक काडी वाकवत होता. “वाऱ्यानं उलटी झाली की लोक छत्री टाकून देतात. मला वाटतं... तिला उडायचं असेल.”

मावशीचं पेन थांबलं. ती बघतच राहिली. तोही. काडी हातात अर्धवट वाकलेली! मी मुकाट्यानं छताकडे बघायला लागले — छतात बघण्यासारखं काहीही नव्हतं.

मग मावशीनं संपादकांना फोन लावला.

“हा लेख दुसऱ्या कुणाला तरी द्या... नाही, तब्येत ठीक आहे... कारण?” तिनं त्याच्याकडे पाठ फिरवली. “कारण मला तो आवडतो... हो. मुखपृष्ठ गेलं. कळतंय मला.”

मी परत छताकडे बघायला लागले!

“इतक्या वर्षांनी मिळालेला लेख...” तो पुटपुटला.

“गेला.” मावशीनं पेन पर्समध्ये टाकलं. “आता इथे यायला काही कारणच नाही मला.”

“उद्या या.”

“मासिकाला नाही चालणार ते.”

“मासिकाला कोण बोलावतंय?”

मावशी खुदकन हसली. आणि उद्याचं कशाला — ती तिथेच बसून राहिली. घरी मला एकटीलाच यावं लागलं!