रुमाल टाकलेली जागा

"ऑपरेशन डोळ्याचं, पण मी कान लावून बसणार हृदयाकडे. का बरं?"

आबांनी सकाळच्या चहाबरोबर हे कोडं घातलं. केतकीने विचार करायला डोळे मिटले आणि ती तोंड उघडणार, एवढ्यात शेजारून आवाज आला, "मला उत्तर ठाऊक आहे, आबा."

झालं! केतकीच्या अंगाचा तिळपापड झाला.

"ठोकोबा, तू गप्प. तुला सगळंच ठाऊक असतं," आबा हसत म्हणाले. आता हे काही शाबासकीचे शब्द नव्हते. पण केतकीला ते शाबासकीसारखेच लागले, कारण हसताना आबांनी त्या पत्र्याच्या डोक्यावर टपली मारली होती. अशी टपली आजवर फक्त तिला मिळायची.

ठोकोबा म्हणजे आबांचा नवा मदतनीस यंत्रमानव. उंचीला केतकीएवढाच, बोटं मात्र लांब आणि मऊ रबराची. आबा, म्हणजे केतकीचे आजोबा डॉक्टर अच्युत मोहिते, माणदेशातल्या एका माळावरच्या प्राण्यांच्या इस्पितळात भूलतज्ज्ञ होते (ऑपरेशनच्या वेळी रुग्णाला झोपवून त्याचा श्वास आणि हृदय सांभाळणारे डॉक्टर). इस्पितळाच्या छपरावर सूर्यपत्रे होते, औषधं ड्रोनने यायची आणि शेळीच्या पोटात काय चाललंय ते तिच्या गळ्यातली घंटा सांगायची. केतकी दर सुट्टीत सांगलीहून इथे यायची. डोक्याला टोपी, तोंडाला मास्क लावून ऑपरेशनच्या खोलीत आबांच्या डाव्या हाताला एका स्टुलावर बसायची. आबा हळूच एकेक गोष्ट समजावून सांगायचे. ते स्टूल म्हणजे तिचं सिंहासनच होतं म्हणा ना.

यंदा ती आली, तर स्टूल कोपऱ्यात सरकवलेलं आणि त्या जागी ठोकोबा उभा! उभा तर उभा, वर आबांचं मनगट धरून! आयत्या बिळावर नागोबा म्हणतात तो हाच, असं केतकीला वाटलं. त्याहून वाईट म्हणजे कोपऱ्यातून तिने काही विचारलं, तर आबा आताशा वळूनसुद्धा बघत नसत. कालचे तिचे तीन प्रश्न तसेच हवेत विरले होते. गळ्यातला ताईत बदलला होता, आणि तो बदललाय हे सांगायची तसदीही कुणी घेतली नव्हती.

दुपारी बिरूदादा कोळेकर त्याच्या कुत्रीला खांद्यावर टाकून धावतच आला. भिंगरी तिचं नाव. साळिंदराच्या मागे लागली आणि त्याचा काटा तिच्या डोळ्याच्या बाजूने खोल आत घुसून मोडला होता.

"डागदर, डोळा ऱ्हाऊ द्या न्हाईतर जाऊ द्या, पर हिला वाचवा," बिरूदादा म्हणाला. "ही न्हाई तर माझी मेंढरं लांडग्याच्या तोंडी. लेकरावानी वाढवलीय ओ मी तिला."

शस्त्रक्रिया करणाऱ्या इनामदार मॅडमनी भिंगरीला तपासलं. "डोळा वाचेल, सर. पण काटा मागे आहे. डोळ्याचा स्नायू ओढून धरल्याशिवाय हात पोचणार नाही."

तयारी सुरू झाली. ठोकोबा तेवढ्या वेळात पोटभर वीज घ्यायला आपल्या चौथऱ्याकडे निघाला. आणि इथेच केतकीच्या डोक्यात किडा वळवळला.

ठोकोबाची एक खोड तिला माहीत होती. आबांनी त्याला सांगलीहून एसटीने आणलं तेव्हा तो खुशाल रुमाल टाकलेल्या सीटवर जाऊन बसला होता. एसटी विजेवर धावायला लागली, तिकीट फोनमध्ये आलं, पण खिडकीतून रुमाल टाकून जागा धरायची आपली सवय काही गेलेली नाही. तेव्हा भांडण झालं ते झालंच. मग आबांनी त्याला पक्कं शिकवलं होतं : जिथे रुमाल, ती जागा दुसऱ्याची. तिथे बसायचं नाही.

केतकीने खिशातून आपला निळ्या काठाचा रुमाल काढला आणि चौथऱ्यावर पसरून ठेवला.

ठोकोबा आला. थबकला. "ही जागा कुणीतरी धरली आहे," तो अदबीने म्हणाला. "मी थांबतो."

"थांब की," केतकी म्हणाली. तिला इतकं बरं वाटलं की काय सांगावं. जागा गेल्यावर कसं वाटतं ते कळू दे याला!

तेवढ्यात आबांची हाक आली. ठोकोबा आत जाता जाता म्हणाला, "आबा, माझ्यात वीज कमी शिल्लक आहे." पण त्याचा आवाज मुळातच मऊ. "हं हं, चल," आबा म्हणाले आणि त्यांनी मनगट पुढे केलं.

भिंगरी झोपली. यंत्रातून तिच्या हृदयाचे ठोके बारीक आवाजात ऐकू येऊ लागले. टूं, टूं, टूं. प्रत्येक ठोक्याला ठोकोबाचं रबरी बोट आबांच्या मनगटावर अलगद टेकत होतं. केतकी कोपऱ्यातून ते बघत होती आणि मनातल्या मनात जळत होती.

मग ते बोट थांबलं. ठोकोबाचे दिवे मालवले, मान खाली गेली.

"ठोकोबा?" आबांनी मनगट हलवलं. "अरे?" त्यांचा चेहरा एकदम गोंधळला. एका हाताने ते भिंगरीच्या श्वासाची पिशवी दाबत होते. यंत्र मात्र वाजतच होतं, चांगलं ऐकू येण्याइतकं. इनामदार मॅडमनी स्नायूला आकडा लावून ओढला. आवाज बदलला. टूं... टूं...... टूं.

केतकीने आबांकडे पाहिलं. ते आवाजाच्या दिशेला कान करून, डोळे बारीक करून उभे होते, आणि त्यांना काहीच ऐकू आलं नव्हतं.

कालचे तीन प्रश्न तिला आठवले. आबांनी ते टाळले नव्हते. ते त्यांच्यापर्यंत पोचलेच नव्हते. ठोकोबा त्यांचा लाडका नव्हता, त्यांचा कान होता. आणि तो कान तिने एका रुमालाने बंद केला होता.

ती उठली, धावली आणि आबांचं मनगट धरून ऐकू येईल तसा ठोका देऊ लागली. एक. मग बराच वेळ काही नाही. मग एक.

आबांना क्षणात कळलं. "इनामदार, ओढ सोडा!"

मॅडमनी आकडा सैल केला. थोड्याच वेळात ठोके भराभर येऊ लागले, केतकीचं बोटही. "आता हळूच ओढा," आबा म्हणाले. मॅडमनी पुन्हा ओढलं, आणि पुन्हा तेच. टूं......... टूं.

"सोडा. असं जमायचं नाही," आबा म्हणाले. "काटा तर काढायलाच हवा. ॲट्रोपीन देतो." भरून ठेवलेली छोटी सिरिंज त्यांनी शिरेच्या नळीला लावली. "केतकी, थांबू नकोस. ठोका देत राहा."

ती देत राहिली. हळूहळू ठोके जवळ येत गेले. मॅडमनी तिसऱ्यांदा स्नायू ओढला. या वेळी मात्र हृदय आपल्या चालीने चालतच राहिलं. काटा निघाला. तो केतकीच्या करंगळीएवढा होता.

संध्याकाळी भिंगरी कोपऱ्यात पडून जीभ पुन्हापुन्हा ओठांवरून फिरवत होती आणि बिरूदादा तिच्या कानामागे खाजवत होता. आबा केतकीला घेऊन ओट्यावर बसले. ठोकोबा आत तसाच मान खाली घालून उभा होता.

"आता कोड्याचं उत्तर शोधू," आबा म्हणाले. "डोळा ओढला तर हृदय का मंदावलं? डोळ्यातून एक मज्जातंतू मेंदूकडे निरोप नेतो : इथे ओढ बसतेय. हा निरोप मेंदूच्या बुडाशी जिथे पोचतो, तिथूनच जवळपास व्हेगस नावाचा मज्जातंतू निघतो. तो खाली हृदयापर्यंत येतो आणि हृदयाच्या ब्रेकचं काम करतो. वर ओढ बसली की इथे ब्रेक दाबला जातो. आपोआप. कुणी विचार करून दाबत नाही."

"आणि ब्रेक फार दाबला तर?"

"तर मेंदूला रक्त पुरत नाही. भुलेत असलेला जीव सांगू शकत नाही की मला घेरी येतेय. म्हणून आपण ऐकायचं." आबा पुढे म्हणाले. "हा ब्रेक लागतो कसा, ते बघ. व्हेगसच्या टोकातून ॲसिटिलकोलीन नावाचं रसायन सुटतं. तो निरोप्या. हृदयाच्या पेशींवर त्याच्यासाठी खास जागा असतात, त्यांना ग्राही म्हणतात (ठराविक रसायनालाच बसता येईल अशा जागा). निरोप्या जागेवर बसला की हृदय सावकाश होतं. मग ॲट्रोपीन काय करतं? दे बरं तुझा रुमाल, दाखवतो."

केतकीचा हात खिशात गेला आणि तसाच राहिला. रुमाल खिशात नव्हता.

"दे की गं."

"आबा," ती म्हणाली आणि पुढचं सगळं रडतच बाहेर आलं. चौथरा, रुमाल, अदबीने थांबलेला ठोकोबा. "तो तुमच्या हाताला धरून उभा असतो ना, मला बघवत नाही. मला वाटलं तुम्हाला मी नकोच झालेय."

आबांना राग आला होता, आणि तो त्यांनी लपवला नाही. "भिंगरीचा जीव जाता जाता वाचला, केतकी."

"हो."

"पण चूक एकटी तुझी नाही," ते म्हणाले. "बारीक आवाज मला गेल्या वर्षभरापासून ऐकू येत नाहीत. नातीला सांगायची लाज वाटली. यंत्राला सांगितलं, कारण यंत्र हसत नाही. ठोकोबा काही म्हणत होता, तेही मी न ऐकताच 'हं हं' केलं."

"मी हसले असते का?"

आबांनी नकारार्थी मान हलवली. मग आपल्याच खिशातून रुमाल काढून त्यांनी पायरीवर टाकला. "तर ॲट्रोपीन म्हणजे हा रुमाल. तो ग्राहीवर जाऊन पडतो. ब्रेक लावणं त्याला येत नाही, तो नुसती जागा धरतो. निरोप्या येतो, जागा धरलेली बघतो आणि ताटकळत उभा राहतो. ब्रेक लागत नाही, हृदय आपल्या मूळ चालीने चालतं."

"म्हणजे ॲट्रोपीन हृदयाला ढकलत नाही?"

"अजिबात नाही. अडवणाऱ्यालाच अडवतं. अशा औषधांना ॲसिटिलकोलीनरोधक म्हणतात (ॲसिटिलकोलीनची जागा अडवणारी). आणि तशाच जागा लाळेच्या ग्रंथींतही असतात, म्हणून भिंगरीचं तोंड कोरडं पडलंय बघ. मात्रा जास्त झाली तर हृदय उधळतं. रानातल्या धोत्र्यातही याच कुळातलं विष असतं, म्हणून तर त्याला हात लावायचा नाही. आधी ओढ सोडायची, भागलं नाही तर मोजून औषध द्यायचं. काही वेळाने रुमाल आपोआप उडून जातो, आणि निरोप्याला त्याची जागा परत मिळते."

केतकी उठली. आत जाऊन तिने निळ्या काठाचा रुमाल उचलला आणि ठोकोबाला ढकलत ढकलत चौथऱ्यावर नेलं. त्याचे दिवे लागले. "जागा मोकळी झाली का?" त्याने विचारलं.

"झाली," ती म्हणाली. "तुझीच होती." खरं सांगायचं, तर त्याच्याबद्दलचा हेवा अजून पुरता गेला नव्हता. पण त्याच्याशी मान वर करून बोलायची तिला लाज वाटत होती. रुमाल तिने धुऊन दोरीवर वाळत घातला.

दुसऱ्या दिवशी एका शेळीचं ऑपरेशन होतं. दोरीवर रुमाल नव्हता. टोपी-मास्क लावून केतकी आत गेली आणि सवयीने कोपऱ्याकडे वळली. कोपरा रिकामा होता. तिचं स्टूल आबांच्या डाव्या हाताला होतं, आणि त्यावर निळ्या काठाचा रुमाल पसरलेला होता.

"गर्दी होण्याआधी येऊन तुझी जागा धरून ठेवली," आबांच्या उजव्या हाताला उभा असलेला ठोकोबा म्हणाला.

आबांनी डावं मनगट तिच्यापुढे केलं. केतकीने रुमाल उचलून खिशात ठेवला आणि पहिल्या ठोक्यासाठी कान टवकारले.